‘पक्का’ शब्दाचें वजन

गेल्या दिवाळीच्या सुटींत माझी नात साताऱ्यास आली होती. एका इंग्रजी कादंबरींत डोकें खुपसून बसली असतां ती मध्येंच वर पाहून म्हणाली, “आजोबा, हा ‘पक्का’ आपला कीं त्यांचा?” कादंबरींतील एक गोरा अधिकारी दुसऱ्या गोऱ्याविषयीं ‘पक्का साहेब’ असें म्हणत होता. “आपलाच,” असें सांगून मीं वर्तमानपत्र पुन्हां उघडलें. पण एवढ्यावर थांबेल तर ती माझी नात कसली! “आपला, तर मग तिकडे त्याचा हा अर्थ कसा झाला? साहेब पिकलेला असतो कीं शिजलेला?” ह्या प्रश्नास मजजवळ उत्तर नव्हतें. तें शोधण्यासाठीं जे कोश मीं कपाटांतून खालीं काढले ते महिना उलटला तरी अजून टेबलावरच आहेत. त्या शोधांत जें हातीं आलें तें, आणि थोर कोशकारांचें म्हणणें ज्या ठिकाणीं मला पटेनासें झालें तें, वाचकांपुढें मांडावें असें वाटतें.

प्रथम इंग्रजींतील ह्या विशेषणाची आजची स्थिति पाहूं. इंग्लंडांत ‘पक्का’ हा शब्द रोजच्या बोलण्यांतला आहे. अस्सल, खानदानी, फक्कड अशा अर्थानें तो तेथें वापरतात. ह्यांपैकीं कोणत्याहि अर्थाचा तराजूशीं कांहीं संबंध असेल अशी शंकाहि कोणास येणार नाहीं. परंतु कोशकारांनीं ह्या शब्दाचा जो जुन्यांत जुना अर्थ नोंदविला आहे तो साहेबाविषयीं नाहीं, घराविषयीं नाहीं. तो वजनाविषयीं आहे. पुऱ्या भाराचा, भरलेल्या मापाचा, एवढाच तो अर्थ. त्यास आधार म्हणून जो ग्रंथ पुढें करण्यांत येतो त्याचा कर्ता आपल्या महाराष्ट्रास अगदींच परका नाहीं. जॉन फ्रायर हा ईस्ट इंडिया कंपनीचा डॉक्टर १६७३ सालीं हिंदुस्थानांत आला. शिवछत्रपतींच्या राज्याभिषेकास इंग्रजांचा जो वकील रायगडास गेला होता त्याची हकीकत फ्रायरनें लिहून ठेविली आहे, आणि १६७५ सालीं तो स्वतः जुन्नरच्या मोगल अधिकाऱ्याकडे औषधोपचारासाठीं जाऊन आला. त्याचें प्रवासवर्णन १६९८ सालीं लंडनांत छापलें गेलें. त्यांत इकडच्या वजनांची माहिती देतांना, आग्र्याचा पक्का मण सुरतेच्या मणाच्या दुप्पट भरतो, असें त्यानें नमूद केलें आहे.

नोंद अवघी एका ओळीची. पण ती लक्ष देऊन वाचण्याजोगी आहे. तींत स्तुति नाहीं आणि निंदाहि नाहीं. सुरतेचा मण खोटा आणि आग्र्याचा खरा असें फ्रायर म्हणत नाहीं. दोन मण आहेत, एक दुसऱ्याच्या दुप्पट आहे, आणि मोठा आहे त्यास ‘पक्का’ म्हणतात, एवढेंच तो सांगतो. आमच्या बाजारपेठांतून हा शब्द नेमका ह्याच अर्थानें दोन-अडीचशें वर्षें चालला. इंग्रजी भाषेनें पुढें त्यावर जी मोठेपणाची झूल घातली ती येथें नांवालाहि नाहीं.

माझें आजोळ सांगलीचें. मामा हळदीच्या एका आडतीवर दिवाणजी होते. त्या पेढीवर ‘कच्चा’ आणि ‘पक्का’ हे दोन शब्द श्वासोच्छ्वासासारखे चालत. कच्ची चिठ्ठी आणि पक्की पावती, कच्ची कीर्द आणि पक्की कीर्द, कच्चा हिशेब आणि पक्का हिशेब. आडत्याहि कच्चा आणि पक्का असे दोन प्रकारचे. कच्चा आडत्या हा मालकाचा मुनीम म्हणून सौदा करणारा. पक्का आडत्या आपल्या गिऱ्हाइकाशीं स्वतःच करारानें बांधलेला, सौदा पार पाडण्याची हमी स्वतःच्या शिरावर घेणारा. हा भेद इतका महत्त्वाचा कीं १९०५ सालीं मुंबई हायकोर्टाला पक्क्या आडतीचे कायदेशीर लक्षण ठरवावें लागलें, आणि तेव्हांपासून हा देशी शब्द इंग्रजी निवाड्यांतून जसाच्या तसा येऊं लागला. येथेंहि कच्चा आडत्या म्हणजे लबाड आडत्या असा अर्थ कोणी करीत नसे. जबाबदारी कमी, म्हणून कच्चा; जबाबदारी पुरी, म्हणून पक्का.

वजनांचा प्रकार ह्याच जातीचा होता. आज ज्यांस किलोग्रॅमखेरीज दुसरें कांहीं ठाऊक नाहीं त्यांस तो गोंधळ सांगून पटावयाचा नाहीं. मुंबईचा मण २८ पौंडांचा, मद्रासचा २५ पौंडांचा आणि बंगालचा ८२ पौंडांहूनहि थोडा अधिक. शेराचीहि तीच तऱ्हा. म्हैसुराकडे कच्चा शेर २४ रुपये भाराचा धरीत. मुंबईचा शेर सुमारें २८ तोळ्यांचा. आणि १८३३ सालीं कंपनी सरकारनें जो शेर ठरविला तो १८० ग्रेनच्या तोळ्याचे ८० तोळे भरणारा. त्यांतून आमचा मुलूख म्हणजे संस्थानांची गोधडी. सातारचें राज्य १८४८ सालीं खालसा झालें तरी औंध, फलटण, जत, सांगली, मिरज ही संस्थानें १९४८ पर्यंत नांदत होतीं. बैलगाडीनें हळद घेऊन निघालेल्या शेतकऱ्यास सरहद्द ओलांडतांना भाषा बदलावी लागत नसे, पण शेर कोणता हें मात्र विचारावें लागे. शिवाय धान्य वजनावर नव्हे, मापावर विकलें जाई. चिपटें, मापटें, शेर, अधोली, चार शेरांची पायली, बारा पायल्यांचा मण, वीस मणांची खंडी. मापाचा शेर निराळा आणि तराजूचा शेर निराळा. नांव मात्र एकच. अशा ठिकाणीं ‘शेर’ हा शब्द उच्चारून कांहींच सांगितल्यासारखें होत नसे. ‘पक्का’ हें विशेषण लावल्यावर मगच तो शेर होई.

आतां कोशांकडे वळूं. इंग्रजींत गेलेल्या हिंदी शब्दांचा सर्वांत नामांकित कोश म्हणजे हेन्री यूल आणि ए. सी. बर्नेल ह्यांचा ‘हॉब्सन-जॉब्सन’. तो १८८६ सालीं निघाला. बर्नेल त्यापूर्वींच, १८८२ सालीं, वारला होता. विल्यम क्रुकनें त्याची वाढविलेली आवृत्ति १९०३ सालीं काढली. (ह्या विचित्र नांवाची कथा वाचकांस ठाऊक असेल : मोहरमांतील ‘या हसन, या हुसेन’ हा आक्रोश गोऱ्या शिपायांच्या कानांत जसा पडला तसा तो येथें छापला आहे.) हा कोश म्हणजे विद्वत्ता आणि विनोद ह्यांचा दुर्मिळ मिलाफ आहे, आणि ‘कच्चा’ ह्या शब्दाखालीं त्यानें जी कच्च्या-पक्क्याची जोडयादी दिली आहे ती तर त्या कोशाचें भूषणच म्हणावयास हवी. कच्ची वीट उन्हांत वाळविलेली, पक्की भट्टींत भाजलेली. कच्चा रस्ता मातीचा, पक्का खडीचा. कच्ची नेमणूक तात्पुरती, पक्की कायमची. कच्ची शिवण टांका घालून पाहण्यापुरती, पक्की टिकाऊ. शेवटीं शेवटीं तर कच्चा बदमाश आणि पक्का बदमाश ह्यांचीहि जोडी आहे, आणि ती वाचून संपादकांचा आपल्या भाषेशीं किती घरोबा होता हें कळतें. ‘पक्का चोर’ ह्यांतील ‘पक्का’ म्हणजे प्रामाणिक नव्हे, पुरेपूर, हें त्यांनीं बरोबर ओळखलें होतें.

असें असूनहि मला ह्या लेखाविषयीं एक तक्रार करावीशी वाटते. त्या जोडयादींत मण व शेर येतात ते मध्येंच कोठें तरी, जातां जातां. दोन मण चालू असतील तेथें लहान तो कच्चा आणि मोठा तो पक्का, एवढें सांगून संपादक पुढें सरकतात. ‘पक्का’ ह्या मुख्य लेखांत त्यांनीं शब्दाचा मूळ अर्थ पिकलेला, शिजलेला असा देऊन तेथून भरीव, टिकाऊ ह्या अर्थावर उडी घेतली आहे, आणि पुढचा सगळा भर विटा-चुन्याच्या घरावर दिला आहे. जणूं ह्या शब्दाशीं इंग्रजांची पहिली ओळख कलकत्त्याच्या भिंतींनीं करून दिली! संपादकांचे दिवस ज्या हिंदुस्थानांत गेले तो बंगल्यांचा, बराकींचा आणि सार्वजनिक बांधकाम खात्याचा हिंदुस्थान होता. त्यांत पक्कें म्हटलें कीं घर डोळ्यांपुढें यावें हें स्वाभाविक आहे. पण इंग्रज येथें घरें बांधावयास आले नव्हते. ते माल घ्यावयास आले होते, आणि माल घेणाऱ्याचा पहिला संबंध भिंतीशीं येत नाहीं, काट्याशीं येतो. सुरतेच्या वखारींत बसलेल्या कारकुनास मातीचें घर आणि विटांचें घर ह्यांतला भेद न कळला तरी चालण्याजोगें होतें. सुरतेचा मण आणि आग्र्याचा मण ह्यांतला भेद न कळला असता तर मात्र कंपनीचें दिवाळें निघालें असतें.

घराचा अर्थ मागाहूनचा. त्या बाबतींत ह्याच कोशांत एक मौजेचा आधार आहे. अलेक्झांडर हॅमिल्टन नांवाच्या दर्यावर्दी व्यापाऱ्यानें १७२७ सालीं प्रसिद्ध झालेल्या ग्रंथांत कलकत्त्याच्या फोर्ट विल्यमचें वर्णन करतांना ‘पक्का’ हें बांधकामाच्या मिश्रणाचेंच नांव म्हणून दिलें आहे. विटांचा चुरा, चुना, गुळाची काकवी आणि चिरलेला ताग, हीं त्याचीं द्रव्यें. आपल्याकडचे जुने वाडे आणि किल्ले बांधणाऱ्या गवंड्यांसहि चुन्यांत गूळ घालणें माहीत होतें. कऱ्हाडच्या किंवा सांगलीच्या गुऱ्हाळावर पाक पक्का झाला कीं नाहीं हें गुळव्या बोटांच्या चिमटींत पाहतो. तोच गूळ भिंतींत गेला कीं भिंत पक्की होते!

आमच्याकडील व्युत्पत्तिकारांविषयींहि थोडें बोललें पाहिजे. पक्का म्हणजे पक्व, पक्व म्हणजे पच् धातूचें रूप, एवढें सांगून प्रश्न सुटला असें मानण्याची आमची रीत आहे. मूळ दाखविलें तें बरोबरच आहे. वाट मात्र दाखविली जात नाहीं. पच् पासून ‘पक्व’ होणें हीच मुळांत थोडी वेगळी गोष्ट. सिच् पासून सिक्त, मुच् पासून मुक्त, तसें येथें ‘पक्त’ व्हावयास हवें होतें. तेथें तकाराऐवजीं वकार कां, हें सांगण्यासाठीं पाणिनीनें अष्टाध्यायीच्या आठव्या अध्यायांत निराळें सूत्र घातलें आहे. पुढें प्राकृतांत ह्या पक्वाचीं ‘पक्क’ आणि ‘पिक्क’ अशीं दोन रूपें झालीं. प्राकृतांतील जोडाक्षर मोडून मागचा स्वर दीर्घ करणें ही मराठीची घरची चाल. सत्त चे सात झाले, हत्थ चा हात झाला, भत्त चा भात झाला. त्याच चालीनें ‘पिक्क’ पासून आपलें ‘पीक’ झालें आणि ‘पिकणें’ झालें. ‘पक्क’ चा ह्या न्यायानें ‘पाका’ व्हावयास पाहिजे होता. बंगालींत तो ‘पाका’ झालाहि आहे, गुजरातींत ‘पाको’ झाला आहे. मराठींतला ‘पक्का’ मात्र आपलें जोडाक्षर जसेंच्या तसें घेऊन बसला आहे.

कोणी म्हणेल, जोर देण्यासाठीं जोडाक्षर राहिलें असेल. पण ‘सच्चा’ ह्या शब्दाकडे पाहावें. सत्य, सच्च, साच ही मराठीची वाट. ‘साच’ हा शब्द आमच्या संतांच्या तोंडीं सर्वत्र आहे. ‘सच्चा’ हा नंतर उत्तरेकडून आला, आणि येतांना आपलें जोडाक्षर घेऊन आला. ‘पक्का’ आणि त्याचा जोडीदार ‘कच्चा’ हेहि त्याच वाटेनें, हिंदुस्थानी बोलणारे व्यापारी, शिपाई आणि कारकून ह्यांच्याबरोबर आले असें मला निश्चित वाटतें. म्हणजे माझ्या नातीस मीं दिलेलें उत्तर अर्धेंच खरें होतें. शेतांत उभें असतें तें पीक आपल्या घरचें. त्याच्या वजनास लागणारें ‘पक्का’ हें विशेषण मात्र आपणहि बाजारांतूनच उचललें, इंग्रजांनीं उचललें तसेंच. दोघांचा वाणी एकच.

आणखी गंमत अशी कीं इंग्रज ज्या शब्दास परका म्हणून घरीं घेऊन गेला त्याची भावंडें त्याच्या घरांत आधींपासूनच होतीं. आपल्या पच् धातूचा सख्खा भाऊ लॅटिनमध्यें ‘कोक्वेरे’ असा आहे. इंग्रजीचा ‘कुक’ त्याच्यापासूनचा, ‘किचन’ त्याच्यापासूनचें, आणि दोनदां भाजलेलें म्हणून ‘बिस्किट’ तेंहि त्याच्याच वंशांतलें. ग्रीकांनीं ह्याच धातूस पचनाचा अर्थ दिला, त्यावरून डॉक्टर मंडळी अपचनाला ‘डिस्पेप्सिया’ म्हणतात.

आतां खरा प्रश्न : पिकलेला किंवा शिजलेला शेर म्हणजे काय? एक उपपत्ति सहज सुचते, आणि सांगलीच्या माणसास तर ती फारच मोहक वाटेल. हळद शेतांतून निघते ती ओली, म्हणजे कच्ची. ती शिजवावी लागते, उन्हांत वाळवावी लागते, मग घासून चकचकीत करावी लागते. ह्या खटाटोपांत पांच मणांचा सुमारें एक मण राहतो. उंसाच्या गुळाचें त्याहून कठीण. उंसाच्या वजनाच्या दहाव्या हिश्श्याच्या आसपास गूळ हातीं लागतो. तेव्हां कच्च्या मालाचा तो कच्चा शेर आणि पक्क्या मालाचा तो पक्का शेर, असें कां असूं नये? हें मला एकदोन जाणत्या मंडळींनीं सुचविलें, आणि क्षणभर मीहि भुललों. पण हिशेब करून पाहतां गणित उलटें पडतें. माल शिजून घटतो. म्हणजे घट भरून काढण्यासाठीं कच्च्या मालाचा शेर मोठा पाहिजे आणि पक्क्याचा लहान पाहिजे. प्रत्यक्षांत पक्का तो नेहमीं मोठा. शिवाय एकाच दुकानांत एकाच दिवशीं एकच जिन्नस दोन्ही शेरांनीं मोजीत असत. तेव्हां ही उपपत्ति गोड असली तरी सोडून दिली पाहिजे.

माझ्या मतें उत्तर शेतांतच आहे, पण चुलीवर नाहीं. दाणा पिकतो म्हणजे भरतो. कोवळ्या कणसांतला दाणा पोचट असतो. पिकल्यावर तो टंच होतो. आपण ‘दाणा भरला’ असें म्हणतों आणि ‘माप भरलें’ असेंहि म्हणतों. दोन्हीकडे क्रियापद एकच. शेर आपल्या पुऱ्या वाढीस पोंचला, आतां त्यांत आणखी घालावयाचें राहिलें नाहीं, म्हणून तो पक्का. जो वाढीच्या वाटेवर मध्येंच थांबला तो कच्चा. ही कल्पना एकट्या आपलीच नव्हे. इंग्रजी बँकेंत मुदत पुरी झालेली ठेव ‘मॅच्युअर’ होते, आणि त्या शब्दाचा लॅटिन अर्थहि ‘पिकलेला’ असाच आहे. आपल्याकडे मुदत भरते, त्यांच्याकडे ती पिकते.

हें मान्य केलें म्हणजे कच्च्या शेराकडे पाहण्याची दृष्टि बदलते. हा केवळ शब्दांचा कीस नव्हे. एकोणिसाव्या शतकांतल्या इंग्रज अंमलदारांस आमचीं हीं दुहेरी वजनें म्हणजे लुच्चेगिरीचें आगर वाटत असत, आणि इंग्रजी शिकलेल्या आमच्या दोनतीन पिढ्यांनींहि तेंच मत उचललें. पण त्याच इंग्रजांच्या घरीं काय चाललें होतें? सोन्याचा पौंड ५७६० ग्रेनचा आणि लोण्याचा ७००० ग्रेनचा. एक टन २२४० पौंडांचा, त्यास ‘लाँग’ म्हणावयाचें. दुसरा २००० पौंडांचा, तो ‘शॉर्ट’. गॅलन विलायतेचा एक, अमेरिकेचा दुसरा, आणि पहिल्यास ‘इंपीरिअल’ हें भारदस्त विशेषण. आखूड टन म्हणजे खोटा टन असें कोणा इंग्रजास कधीं वाटलें नाहीं. मग आमचा कच्चा शेर तेवढा लबाड कसा? लबाडी दोन शेरांत नाहीं. कोणता शेर तें न बोलतां घेतांना एक काढणें आणि देतांना दुसरा काढणें, ह्यांत ती आहे. आणि तिला आळा घालणारें साधें हत्यार म्हणजेच हें विशेषण. ‘पक्का शेर’ असें तोंडानें निघाल्यावर व्यापाऱ्यास परत फिरतां येत नसे. अडाणी शेतकऱ्याजवळ कायदा नव्हता, प्रमाणित वजनें नव्हतीं. हा शब्द होता. तो शब्द प्रत्येक वेळीं पुरला असें मी म्हणत नाहीं. मामांच्याच तोंडून मीं अशा हकीकती ऐकल्या आहेत कीं ज्यांत शेतकऱ्यानें ‘पक्का’ म्हणावें, आडत्यानें मान हलवावी, आणि हमालानें काट्यावर हात ठेवावा.

फ्रायरच्या नोंदींत जो शब्द नुसता आकार सांगत होता तो पुढें पुढें योग्यता सांगूं लागला हें इंग्रजींत कसें घडलें तें आतां सहज दिसतें. मोठा मण, मग मजबूत भिंत, मग कायमची नोकरी, आणि कायमची नोकरी ज्यास आहे तो साहेब. विशेषण मालावरून उतरून माणसावर चढलें. जॉर्ज ऑर्वेलच्या १९३४ सालच्या ‘बर्मीज डेज’ ह्या कादंबरींत हा पक्का साहेब कसा असतो हें पाहावयास मिळतें. आपल्या जातीच्या आब राखण्यापायीं तो माणूसपणास मुकलेला आहे, आणि ऑर्वेल त्या शब्दाकडे तिरस्कारानें बोट दाखवितो. एवढ्यावर तें राहिलें असतें तर आपलें कांहीं बिघडलें नसतें. पण इंग्रजींत वजन वाढलेला हा शब्द परत आपल्याकडे आला आहे. सरकारी पाहण्यांच्या तक्त्यांत घरें पक्कीं, अर्धपक्कीं आणि कच्चीं अशीं मांडलेलीं असतात, आणि ह्या रकान्यावर कोणास घरकुल मिळावें हेंहि पुष्कळदां ठरतें. पाटण-जावळीच्या डोंगरांत सह्याद्रीचा मुसळधार पाऊस पिढ्यान्पिढ्या अंगावर घेतलेलें मातीच्या भिंतींचें घर त्या तक्त्यांत कच्चें ठरतें, आणि पहिल्याच पावसाळ्यांत गळणारा सिमेंटचा खोका पक्का ठरतो. गरजूस घर मिळूं नये असें माझें म्हणणें नाहीं, मिळालेंच पाहिजे. परंतु ज्या घरांत माणसें सुखानें नांदलीं त्यास कच्चें म्हणतांना आपण मोजीत नाहीं, तोलतों आहों, हें ध्यानांत असूं द्यावें.

साहेब गेले, पण शब्द इंग्लंडांत राहिला, आणि त्याचें पुढचें नशीब पाहून मला हंसूं आलें. १९६३ सालीं लेस्टरशायरांत निघालेला एक पायचा कारखाना आज ह्याच नांवानें ओळखला जातो. १९९९ च्या सुमारास जेमी ऑलिव्हर नांवाचा तरुण स्वयंपाकी दूरचित्रवाणीवर पदार्थ करून दाखवूं लागला आणि जमलेल्या प्रत्येक पदार्थास ‘पक्का’ म्हणूं लागला. त्याच्यापायीं तो शब्द घराघरांतल्या पोरांच्या तोंडीं बसला. त्या बिचाऱ्यास काय ठाऊक कीं पच् धातूस त्यानें पुन्हां चुलीपाशीं आणून बसविलें! साहेब शिजलेला असतो कीं काय, ह्या माझ्या नातीच्या प्रश्नाचें इतकें चोख उत्तर मला देतां आलें नसतें.

इकडे तराजूवरून मात्र हा शब्द उतरला. मुंबई इलाख्यांत १९३२ सालीं आणि सबंध देशासाठीं १९३९ सालीं कायदे होऊन ८० तोळ्यांचा शेर हाच एक शेर ठरला. एकच राहिला म्हटल्यावर त्यास पक्का म्हणण्याचें कारण उरलें नाहीं. मग ऑक्टोबर १९५८ पासून किलोग्रॅम टप्प्याटप्प्यानें आला आणि १९६२ मध्यें शेर कायद्यानें संपला. शेरास सव्वाशेर भेटतो आणि पैशाला पासरी वस्तु मिळतात त्या आतां केवळ बोलण्यांत. ‘पक्का किलो’ असें मीं कोणाच्या तोंडून ऐकलेलें नाहीं. सांगलीच्या हळदीला २०१८ सालीं भौगोलिक मानांकन मिळालें. हरिपूरचीं जमिनींतलीं पेवें, ज्यांत ती हळद वर्षानुवर्षें टिके, त्यांतलीं बरीच २००५ च्या महापुरानें निकामी केलीं. हळद अजून शिजवूनच पक्की करतात.

आमच्या घरीं आजीच्या वेळचा एक लोखंडी शेर आहे. बरींच वर्षें तो माजघराच्या दाराला अडसर म्हणून लावलेला असतो. हें सगळें सांगून झाल्यावर नातीनें तो उचलून स्वयंपाकघरांतल्या विजेच्या काट्यावर ठेवला. ८० तोळ्यांचे ९३३ ग्रॅम व्हावयास पाहिजेत. आंकडा स्थिर झाला तो ९२६ वर. “सात ग्रॅम कोठें गेले, आजोबा?” असें तिनें विचारलें. गंज म्हणावा, साठ वर्षें दाराची घासणी म्हणावी, कीं मामांच्या गोष्टींतला हमाल म्हणावा, हें मी अजून ठरविलेलें नाहीं.